दगडाखालचे बिऱ्हाड

उत्तर अमेरिकेच्या पश्चिम भागातील थंड आणि वेगवान नद्यांमध्ये राहणारी टेरोनार्सिस कॅलिफोर्निका ही स्टोनफ्लायची जाती मासेमारांमध्ये सॅमनफ्लाय या नावाने प्रसिद्ध आहे, आणि तिची ही सारी प्रसिद्धी उन्हाळ्याच्या तोंडावरच्या मोजक्या दिवसांची आहे, जेव्हा नारिंगी पोटाचे, बोटाएवढे लांब, जड अंगाचे हे कीटक काठावरच्या झुडपांवर लगडतात आणि ट्राउट मासे त्यांच्यावर तुटून पडतात. तिच्यावर काम करणाऱ्या अभ्यासकाच्या वाट्याला मात्र उरलेला काळ येतो. आयुष्याची तीन ते चार वर्षे ही जाती नदीच्या तळाशी, दगडांच्या खाली आणि त्यांच्या मधल्या पोकळ्यांमध्ये काढते, तिथे ती सहसा कोणाच्या दृष्टीस पडत नाही, आणि तिच्याविषयी जे काही खात्रीने सांगता येते ते गार पाण्यात वाकून, दगड उलथून, जाळीत आलेला कचरा निवडून मिळवावे लागते.

स्टोनफ्लाय म्हणजे प्लेकॉप्टेरा या गणातील कीटक. जगभरात त्यांच्या सुमारे ४,००० जाती ज्ञात आहेत. त्यांचे रूपांतरण अपूर्ण असते, म्हणजे फुलपाखराप्रमाणे अळी आणि कोष अशा वेगळ्या पायऱ्या त्यांना नसतात. अंड्यातून बाहेर पडणारे पिल्लू प्रौढाच्याच घडणीचे पण बिनपंखांचे असते, आणि पुन्हा पुन्हा कात टाकत, पाठीवर पंखांचे कोंभ वाढवत ते मोठे होते. पिल्ले पाण्यात आणि प्रौढ काठावर अशी या गणाची सर्वसाधारण वाटणी आहे. टेरोनार्सिस प्रजातीने ही वाटणी थोडी विस्कटली आहे, कारण तिच्या प्रौढांच्या अंगावर पिल्लाच्या कल्ल्यांचे अवशेष शिल्लक राहतात. जॉर्ज न्यूपोर्ट या इंग्रज शरीरशास्त्रज्ञाने १८४४ मध्ये याच प्रजातीच्या दुसऱ्या एका जातीत ही गोष्ट दाखवून दिली तेव्हा हवेत वावरणाऱ्या कीटकाला कल्ले कशाला, असा प्रश्न पडणे साहजिक होते. कॅलिफोर्निका या जातीचे शास्त्रीय वर्णनही त्याच्याच नावावर, १८४८ चे आहे.

पूर्ण वाढीचे पिल्लू पाच सेंटिमीटरपर्यंत लांब, काळपट तपकिरी आणि काहीसे ओबडधोबड दिसते. छातीच्या पहिल्या खंडाचे कोपरे टोकदार असतात, पायांना मजबूत नख्या असतात, आणि मागे शेपटीसारखे दोन धागे असतात. तळहातावर घेतले की ते पळण्याची धडपड करण्याऐवजी मुटकुळे करून निपचित पडते, आणि नवखा माणूस ते मेले असे समजून बाजूला ठेवतो. याच प्रजातीच्या काही जातींमध्ये डिवचल्यावर पायांच्या सांध्यांतून रक्तद्रवाचे थेंब बाहेर टाकण्याची सवयही नोंदली गेली आहे. पोहण्यात हा प्राणी कच्चा आहे. त्याचा सगळा भरवसा पकडीवर. उलटे केले की छातीच्या खालच्या बाजूस आणि पोटाच्या पहिल्या दोन खंडांवर पांढुरके, फांद्या फुटलेल्या झुबक्यांसारखे कल्ले दिसतात, आणि ओळख पटवण्याचे काम इथेच होते, कारण टेरोनार्सेला या जवळच्या, आकाराने लहान प्रजातीत हेच कल्ले पोटाच्या पहिल्या तीन खंडांवर असतात. तेव्हा लहान वयाच्या पिल्लांच्या बाबतीत भिंगाखाली खंड मोजल्याशिवाय नाव लिहिण्याची घाई जाणते लोक करत नाहीत.

हे कल्ले पाण्यात विरघळलेला प्राणवायू घेतात, पण पाणी अंगावरून वाहत असेल तरच ते पुरेसा घेऊ शकतात. नमुन्याची पिल्ले तबकात किंवा बादलीत साचलेल्या पाण्यात थोडा वेळ राहिली की ती पाय रोवून अंग खालीवर करू लागतात, तालमीत जोर काढावेत तसे, आणि अशा रीतीने वाहत नसलेले पाणी स्वतःच कल्ल्यांवरून फिरवतात. हे दृश्य पाहिलेल्या माणसाला ‘वाहते पाणी’ या अटीचा अर्थ कोणत्याही आलेखाशिवाय कळतो. शहाणा कर्मचारी ते दिसताच मोजणी थांबवून पाणी बदलतो, कारण गणनेसाठी पकडलेली पिल्ले जिवंत परत सोडण्याचा दंडक बहुतेक ठिकाणी पाळला जातो, आणि तीन वर्षे वाढलेला प्राणी तबकातल्या कोमट पाण्याने मरू देणे हा कामचुकारपणाच ठरतो.

नमुना घेण्याची रीत सांगायला सोपी आहे. उथळ, खळाळत्या पट्ट्यात चौकटीची जाळी प्रवाहाच्या आडवी तळाला टेकवून धरायची, तिच्या वरच्या अंगाला ठरावीक क्षेत्रातले दगड हाताने घासून धुवायचे, उरलेला तळ पायाने ढवळायचा, आणि सुटून वाहत आलेले सगळे पांढऱ्या तबकात ओतून निवडायचे. प्रत्यक्षात बर्फाच्या पाण्याने बोटे बधिर झालेली असतात, शेवाळाने निसरड्या झालेल्या गोट्यांवर तोल सांभाळत एका हाताने जाळी दाबून धरायची असते, आणि सॅमनफ्लायची मोठी पिल्ले नेमकी अशा दगडांखाली असतात जे एका हाताने हलत नाहीत. त्यामुळे जाळीच्या आकड्यांमध्ये लहान पिल्ले अधिक आणि मोठी कमी सापडण्याचा धोका राहतो, आणि अहवालातली संख्या वाचताना ती कोणी, किती खोल पाण्यात आणि कोणत्या दगडांमधून गोळा केली हे विचारणे अनाठायी नसते.

तबकातले दृश्य मात्र या श्रमांचे चीज करणारे असते. वाढीला तीन-चार वर्षे लागत असल्यामुळे नदीच्या एकाच तुकड्यात एकाच वेळी निरनिराळ्या वर्षांची पिल्ले नांदत असतात. काही नखाएवढी, काही त्याहून बरीच मोठी, आणि काही पंखांचे कोंभ फुगून काळे पडलेली, म्हणजे येत्या उन्हाळ्यात बाहेर पडणारी. या आकारमानांच्या सीमा काटेकोर नसतात, कारण नर मादीपेक्षा लहान असतो आणि वाढीचा वेगही सगळ्यांचा सारखा नसतो. तरीही मधला एखादा आकारच्या आकार गायब असेल तर दोन-तीन वर्षांपूर्वी त्या पाण्यात काहीतरी बिघडले होते, असा तर्क करता येतो. एका वर्षात जीवनचक्र संपवणाऱ्या कीटकांच्या बाबतीत ही सोय नाही. पाण्याचा रासायनिक नमुना तर भरलेल्या क्षणापुरतेच बोलतो. सॅमनफ्लायच्या तबकात मागच्या काही हिवाळ्यांचा आणि पुरांचा हिशेब मांडलेला असतो.

तरीसुद्धा या कामात मुरलेल्या माणसांचा सर्वाधिक विश्वास तबकापेक्षा दगड उचलताना हाताला लागणाऱ्या ताणावर असतो. निरोगी तळावरचा गोटा सहज सुटतो; त्याच्या खाली पोकळी असते, तिच्यातून पाणी आरपार खेळत असते, आणि दगडाचा खालचा पृष्ठभागही स्वच्छ असतो. बारीक वाळू आणि गाळ साचलेल्या तळावर तोच गोटा निम्मा पुरलेला असतो, ओढून काढावा लागतो, आणि निघताना खालून राखाडी ढग उठतो. दगड गाळात किती रुतलेले आहेत याचे प्रमाण नोंदवण्याची रीत नदीविज्ञानात रूढ आहे, आणि ते प्रमाण वाढले की सॅमनफ्लाय कमी होत जाते, कारण पाच सेंटिमीटर लांबीच्या, पोहता न येणाऱ्या, वाहत्या पाण्यावर श्वास अवलंबून असलेल्या प्राण्याला लपायला, खायला आणि श्वास घ्यायला जी जागा हवी ती याच पोकळ्यांची असते. वरून पाहताना असे पाणी काचेसारखे नितळ असू शकते, प्राणवायूचे मापही समाधानकारक भरू शकते, आणि तरीही बिऱ्हाड उठलेले असते. पाण्याची शुद्धता तपासणाऱ्या यंत्रणांच्या तक्त्यात दगडांच्या फटींना सहसा रकाना नसतो. हा त्या तक्त्यांचा खरा उणेपणा आहे, आणि जाळी घेऊन नदीत उतरणाऱ्यांना तो वर्षानुवर्षे जाणवत आलेला आहे.

या फटींमध्ये पानेही अडकतात, आणि सॅमनफ्लायचे मुख्य खाणे तेच आहे. काठावरची विलो, कॉटनवूड आणि आल्डर यांची पानगळ पाण्यात भिजून तिच्यावर बुरशी आणि जिवाणू वाढले की पिल्ले ती पाने कुरतडतात. त्यांना पोषण पानाइतकेच त्या बुरशीतूनही मिळते. नदीशास्त्रात अशा प्राण्यांना ‘तुकडे करणारे’ या गटात धरतात, कारण त्यांच्या खाण्यातून आणि विष्ठेतून सुटणारे बारीक कण पुढे पाण्यातून गाळून खाणाऱ्या कीटकांच्या उपयोगी पडतात. शॉर्ट आणि मॅस्लिन या अभ्यासकांनी १९७७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात किरणोत्सारी फॉस्फरसने खूण केलेली पाने वापरली होती, आणि सॅमनफ्लायची पिल्ले सोबत असली की गाळून खाणाऱ्या कीटकांच्या अंगात तो फॉस्फरस अधिक पोचतो, असे त्यातून दिसले. काठावरची झाडे तोडली, तर सावलीबरोबर पानांचा हा पुरवठाही तुटतो.

बाहेर पडण्याचा हंगाम आला की पिल्ले काठाकडे सरकू लागतात. पाण्याचे तापमान साधारण १२ ते १३ अंश सेल्सिअसच्या आसपास पोचण्याशी या हालचालीचा संबंध जोडला जातो, आणि नदीचे खालचे टप्पे आधी तापत असल्यामुळे बाहेर पडण्याची ही लाट खालून वर, प्रवाहाच्या उलट दिशेने, दिवसागणिक पुढे सरकते. ओरेगनमधील डेशूट्स नदीवर ती मे महिन्यात सुरू होते, तर मोंटानातील मॅडिसनवर जूनअखेर उजाडते, आणि यलोस्टोनसारख्या थंड पाण्यात जुलैही लागतो. अडचण अशी की हाच काळ डोंगरातले बर्फ वितळून नद्या फुगण्याचा असतो. गढूळ, छातीभर पाण्यात जाळी लावणे धोक्याचे असते, आणि म्हणून या दिवसांत अभ्यासक पाण्यातून बाहेर येऊन काठ मोजू लागतात.

मोजायच्या असतात त्या काती. पिल्लू बहुधा रात्री पाण्याबाहेर येते, विलोच्या खोडावर, गवताच्या काडीवर किंवा पुलाच्या खांबावर चढून नख्या रोवते, आणि थोड्या वेळाने त्याची पाठ छातीच्या मध्यरेषेवर फाटते. फटीतून आधी फिकट नारिंगी छाती वर येते, मग डोके, मग पाय एकेक करून मोकळे होतात, आणि शेवटी पोट ओढून घेतले जाते; पंख त्या वेळी चुरगळलेले, ओलसर असतात आणि हळूहळू ताणले जातात. मागे राहिलेल्या कातीच्या फाटलेल्या पाठीतून पांढरे, बारीक धागे लोंबताना दिसतात. ते शरीरभर हवा पोचवणाऱ्या श्वासनलिकांचे अस्तर असते, कारण कात टाकताना कीटक बाहेरच्या कवचाबरोबर या नळ्यांचे आतले आवरणही टाकून देतो. बॅटरीच्या उजेडात ते धागे ओले चकाकत असतील तर कात ताजी, वाळून कडक झाले असतील तर आदल्या रात्रीची, हे मोजणाऱ्याला लवकरच नजरेने ओळखता येऊ लागते.

काती मोजण्याचा फायदा असा की त्यात प्राण्याला हात लावावा लागत नाही, आणि प्रत्येक कात म्हणजे पाण्यातले सगळे आयुष्य पार करून काठावर पोचलेला एक जीव असतो. कातीच्या पोटावरील खुणांवरून नर-मादीही सांगता येतात. तोटा असा की पाऊस आणि वारा काती झाडतात, पाणी वाढले की खालच्या काड्यांवरच्या काती वाहून जातात, आणि दाट झुडपात शिरल्याशिवाय निम्म्या काती दिसतच नाहीत. म्हणून काठाची ठरावीक लांबीची पट्टी आखून घेतात, हंगाम चालू असेपर्यंत तिच्यावर वरचेवर जातात, आणि मोजलेली प्रत्येक कात उचलून घेतात, म्हणजे ती पुन्हा मोजली जाऊ नये. हे काम कंटाळवाणे आहे हे कबूल करायला हरकत नाही. विलोच्या फांद्या तोंडावर आपटतात, डास चावतात, आणि शेकडो काती जमल्यावर बोटांना त्यांच्या नख्या टोचत राहतात. मासेमारांच्या तोंडून ‘पूर्वी यांचे थवेच्या थवे असायचे’ हे वाक्य प्रत्येक नदीवर ऐकू येते, आणि त्यात तथ्य असले तरी आठवणीत चांगलीच वर्षे उरतात. एकाच पट्टीवरच्या वर्षानुवर्षांच्या काती त्याहून भरवशाच्या असतात.

प्रौढांचे आयुष्य एक-दोन आठवड्यांचे, फार तर थोडे अधिक. खाणे जवळजवळ थांबलेले असते, उड्डाण जड आणि बेंगरूळ असते, आणि जोडीदाराचा शोध दिसण्यावर किंवा वासावर न चालता बराचसा कंपनांवर चालतो. नर पोटाचे टोक फांदीवर आपटून ठोके देतो, समागम न झालेली मादी त्याला ठोक्यांनीच उत्तर देते, आणि ठोक्यांची संख्या व त्यांच्यामधील अंतर जातीगणिक वेगळे असते. टेक्सासमधील केनेथ स्ट्युअर्ट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी स्टोनफ्लायच्या अनेक जातींचे हे संकेत नोंदवले, आणि दिसायला जवळपास सारख्या जाती ठोक्यांवरून वेगळ्या ओळखण्याची सोय त्यातून झाली. मादी पुढे पोटाच्या टोकाशी अंड्यांचा गडद गोळा घेऊन पाण्यावर उडते आणि तो प्रवाहात सोडते; अंडी विखुरतात, तळाला जातात आणि दगडांना चिकटतात. त्यांतून पिल्ले निघायला कित्येक महिने, थंड नद्यांत जवळजवळ एक वर्ष लागते. म्हणजे या जातीचे काही अस्तित्व असेही आहे की जे जाळीत येत नाही आणि काठावरही दिसत नाही.

तापमानाचा प्रश्न गेल्या काही दशकांत अधिक तीव्र झाला आहे. मॅडिसन नदीवरील एनिस तलाव हा धरणामुळे बनलेला, विस्तीर्ण पण उथळ जलाशय उन्हाळ्यात लवकर तापतो आणि त्याच्या खालच्या नदीत कोमट पाणी सोडतो; तलावाच्या खालच्या टप्प्यात सॅमनफ्लाय घटत गेली, तर वरच्या थंड टप्प्यांत ती टिकून राहिली. मॅडिसन नदीवरील २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासातही या जातीची संख्या, बाहेर पडण्याची वेळ आणि शरीराचे आकारमान या तिन्हींचा पाण्याच्या तापमानाशी संबंध आढळला. युटा राज्यातील लोगान नदीतून तर ही जाती पूर्णपणे नाहीशी झाली, आणि ती तिथे परत वसवण्यासाठी इतर नद्यांतील पिल्ले आणून सोडावी लागली.

टेरोनार्सिसचे कुल भारतात नाही. ते उत्तर अमेरिका आणि पूर्व आशियापुरते मर्यादित आहे. सह्याद्रीतील ओढ्यांच्या दगडांखाली मात्र याच गणातील पर्लिडी कुलाची, विशेषतः निओपर्ला प्रजातीची पिल्ले सापडतात. ती आकाराने लहान आणि पानांऐवजी इतर कीटक खाणारी असतात, आणि उष्ण प्रदेशातल्या पाण्याशी त्यांनी जुळवून घेतलेले असते. तरी जिवंत ओढ्याचे वाहते, प्राणवायूयुक्त पाणी आणि मोकळे दगड यांच्याशिवाय त्यांचेही चालत नाही, आणि रस्त्याच्या किंवा खाणीच्या कामाची माती ओढ्यात उतरली की त्यांच्या फटीही तशाच बुजतात.

सॅमनफ्लायच्या नद्यांकडे परत यायचे तर, धरणांचा परिणाम तापमानापुरता नसतो. कोलोरॅडो नदीच्या वरच्या भागात ग्रॅन्बी गावाजवळ १९८५ मध्ये बांधलेल्या विंडी गॅप या उथळ जलाशयाने नदी आडवी अडवली. पुराचे पाणी उपसले गेल्यामुळे तळ धुऊन काढणारे मोठे लोंढे कमी झाले, आणि खालच्या टप्प्यात बारीक गाळ दगडांमध्ये बसत गेला. कोलोरॅडोच्या वन्यजीव विभागातील बॅरी नेहरिंग यांनी तिथे केलेल्या पाहणीत सॅमनफ्लायची घट आणि दगडांचे रुतलेपण या दोन्ही गोष्टी पुढे आल्या, आणि या विषयातल्या पुढच्या चर्चेला आकड्यांचा आधार मिळाला. त्यानंतर जलाशय लहान करून त्याच्या कडेने नदीसाठी नवा, मोकळा प्रवाहमार्ग काढण्यात आला, आणि २०२३ मध्ये त्यातून पाणी वाहू लागले. या कामाचा सॅमनफ्लायला उपयोग झाला की नाही हे एखाद-दोन हंगामांत सांगण्याची घाई अनेकांना असते, पण इथे या प्राण्याचेच आयुष्य आडवे येते. नवा मार्ग खुला झाल्यानंतरच्या पहिल्या उन्हाळ्यात, म्हणजे २०२४ मध्ये, पडलेल्या अंड्यांतून पिल्ले निघायला जवळजवळ एक वर्ष आणि त्यांची वाढ पुरी व्हायला पुढे तीन वर्षे धरली, तर ती काठावर चढून कात टाकतील ती २०२८ च्या सुमारास. त्याआधी विलोंवर सापडणाऱ्या काती जुन्या तळावर जन्मलेल्यांच्याच असतील, आणि मोजणी करणाऱ्यांना तोवर त्याच पट्ट्यांवर, त्याच पद्धतीने जात राहावे लागेल.